नोरा विंडल, मुक्काम सेलू

आमच्याकडे ती आधी आई होऊन आली.
डोक्याला रुमाल, हातात कपबशी,
लढाईवरून परत न आलेल्या पोराचं पत्र वाचणारी.
साडेतीन मिनिटं. मी घड्याळ लावून मोजली होती.
पोस्टरवर तिचं नाव तळाला,
खळीच्या डागात अर्धं बुडालेलं.

पुढच्या उन्हाळ्यात ती चाळिशीची झाली
आणि कोर्टात एका वकिलाला भारी पडली.
मग दोन पोळे गेल्यावर एकदम एकवीस वर्षांची,
बिनटपाच्या मोटारीत, केस मोकळे,
शेजारी कोण होता ते आता आठवत नाही.

यात दोष कुणाचा नव्हता.
प्रिंट जितकी जुनी तितकी स्वस्त,
आणि निर्मल टॉकीजचा धंदा दरसाल थोडा आणखी बसायचा.
टेकाळे मालक हिशेबाची वही मिटून म्हणायचे,
"औंदा त्याच्याहून जुनं आणा."
म्हणून आम्ही जसजसे कंगाल झालो
तसतशी नोरा तरुण होत गेली.

रात्री अडीचला मीटरगेजच्या पार्सल डब्यातून
पत्र्याच्या पेट्या उतरायच्या.
मी हातगाडीवर घालून आणायचो.
गौसभाई पेटी उघडून आधी रीळ हुंगायचे,
मग बोटांच्या चिमटीतून सरकवत जोड मोजायचे,
दाई पोटावरून हात फिरवते तसे.
"नूरा उल्टी चल रई रे," ते म्हणायचे,
"दो-चार साल में गोद में खेलेगी अपने."

फिल्म तुटली की ब्लेडने कापायची,
खरवडायची, सिमेंट लावून दाबून धरायची.
दर गावात तिची दोन-चार बोटं कमी व्हायची.
जालन्यात एक जिना गेला, परतुरात अर्धं चुंबन.
मोटारीतलं तिचं हसू
मानवतच्या ऑपरेटरनं ठेवून घेतलं, असं मी सगळ्यांना सांगितलं.
ती ओठ उघडायची
आणि लगेच कुठलंसं दार लागायचं.
सकाळच्या खेळाची तीस-पस्तीस माणसं
त्या दाराला शिट्ट्या मारायची.

टॉकीजमध्ये आता सरकीची पोती.
पडद्याची भिंत तेवढी अजून पांढरी.
गौसभाई गेले, त्यांच्या बोटांना
शेवटपर्यंत ॲसिटोनचा वास होता.
मी जिनिंगच्या काट्यावर बसतो,
गाडी भरलेली तोलतो, मग रिकामी तोलतो,
मधला फरक लिहितो.

परवा रात्री साडेअकराला केबलवर
पोलिसांची कुठलीशी मालिका लागली होती, हिंदीत.
फ्लॅटमध्ये एक म्हातारी मेलेली सापडते.
त्याआधी मिनिटभर ती जिवंत असते,
दाराची साखळी काढते, म्हणते, "कौन है?"
आवाज कुणा विशीतल्या पोरीचा,
पण साखळीवरचा हात मी ओळखला.
कपबशी धरलेली तोच हात.

"कोण हाय ती?" भागीरथीनं विचारलं.
"सोयऱ्यातली असल्यावानी बघायलाव."
मी म्हणालो, ही मोटारीत बसली होती.
तिला वाटलं, आमच्या लग्नात.

मानवतच्या माणसाला मी उगाच नाव ठेवलं.
तंबाखूच्या डबीत अकरा फ्रेमा आहेत,
अर्ध्या सेकंदालाही कमी पडतील.
गौसभाई चहाला खाली उतरले होते
आणि ब्लेड हातात होतं, एवढंच.
पेटी पुढे परभणीला गेली, पूर्णेला, नांदेडला.
तिकडे ती हसली नाही.

ट्यूबलाइटपुढे धरून भागीरथीनं
एक डोळा मिटून पाहिलं.
"केवढुसं तोंड," म्हणाली,
आणि डबीचं झाकण शोधू लागली.